परका शेजारी

जून-जुलैत नेरच्या बसस्थानकावर उभे राहिले, की कोणाच्या घरातले मूल बाहेरगावी शिकायला निघाले ते विचारावे लागत नाही. गुंडाळलेली गादी, नवी बादली, कुकर आणि आईने बांधून दिलेला लोणच्याचा डबा. आमचे गाव अमरावती-यवतमाळ रस्त्यावर. बारावी झाली, की मुले यापैकी एका दिशेची एस.टी. धरतात आणि तिथून पुढे नागपूर, पुणे. सगळ्याच जातिधर्मांच्या घरांतून मुले अशी निघतात. फरक पुढे पडतो, खोली शोधताना.

आम्ही इनामदार. हे आडनाव मुसलमानांत आहे तसे हिंदूंतही आहे. त्यामुळे फोनवर आम्हाला खोली लगेच मिळते. थोरली मुलगी फार्मसीला लागली त्या वर्षी आम्ही दोघे नवरा-बायको तिला घेऊन अमरावतीला गेलो, तेव्हा फोनवर तीन घरे ठरलेली होती. पहिल्या घरच्या बाईंनी खोली दाखवली, नळ सोडून दाखवला, गच्चीवर कपडे कुठे वाळत घालायचे तेही सांगितले. आमच्याकडे साडीच नेसतात, त्यामुळे दारात काही कळले नव्हते. चहा ठेवला. मग भाडेकरूची माहिती पोलीस ठाण्यात द्यावी लागते म्हणून आधार कार्ड मागितले. चष्मा लावून नाव वाचले आणि म्हणाल्या, "अगं बाई, तुम्ही होय!" वाईट काही बोलल्या नाहीत. "आमचं काही नाही हो, पण वर दीर राहतात, त्यांना नाही चालायचं." चहा मात्र पिऊनच जा म्हणाल्या. आम्ही प्यायलो.

दुसऱ्या घरी खाण्यापिण्याचा प्रश्न निघाला. मुलगी म्हणाली, "काकू, मला स्वयंपाकच येत नाही. मेसचा डबा लावणार आहे, साधा वरण-भाताचा." तरी नाही. तिसऱ्या घरी पोहोचण्याआधीच खोली 'आत्ताच' गेली होती. संध्याकाळपर्यंत पायपीट करून शेवटी मुस्लिम मोहल्ल्यात एका ओळखीच्या घरी जागा मिळाली. घर चांगले, माणसे मायेची. कॉलेज मात्र दोन ऑटो बदलून.

असे अनुभव या मासिकाच्या प्रत्येक वाचकाच्या घरात असतील. म्हणून तेवढेच सांगायला हा लेख लिहीत नाही. आम्हाला सांगायचे आहे ते त्यानंतरचे. दोन वर्षांनी धाकटा मुलगा त्याच शहरात शिकायला गेला. त्याने एकही फोन केला नाही, एकही पाटी वाचली नाही. सरळ बहिणीच्या मोहल्ल्यात गेला आणि शेजारच्या गल्लीत खोली घेऊन रात्री घरी फोन केला, "अब्बू, काम झाले." त्याला कोणीही नकार दिला नाही. उद्या एखादा सर्वेक्षणवाला आला आणि 'धर्मामुळे तुला घर नाकारले गेले का?' असे त्याने विचारले, तर आमचा मुलगा प्रामाणिकपणे 'नाही' असेच सांगेल. बहिणीने खाल्लेला नकार भावाने न विचारताच गिळला, आणि हिशोबात शून्य लागला.

ज्यांना विचारले गेले त्यांचा हिशोब मात्र उपलब्ध आहे. आपल्याच अमरावती जिल्ह्यात जन्मलेले अर्थशास्त्रज्ञ सुखदेव थोरात आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दिल्ली, नोएडा, गुरगाव, फरिदाबाद, गाझियाबाद या भागांत एक अभ्यास केला. तो २०१५ मध्ये 'इकॉनॉमिक अँड पॉलिटिकल वीकली'त आला. भाड्याचे घर हवे असलेली सारख्याच ऐपतीची माणसे, काही सवर्ण हिंदू नावांची, काही दलित, काही मुस्लिम. फोन केले, प्रत्यक्ष जाऊन विचारले. सवर्ण नावांना अडचण आली नाही. दलितांपैकी सुमारे १८ टक्क्यांना आणि मुसलमानांपैकी सुमारे ३१ टक्क्यांना सरळ नकार मिळाला. याखेरीज ज्यांना 'हो' म्हटले पण भाडे वाढवले किंवा अटी घातल्या, ते वेगळे. दोन्ही धरले तर तीन मुसलमानांपैकी दोघांना साधेसरळ घर मिळत नव्हते. पण हे विचारणाऱ्यांचे आकडे. आमच्या धाकट्यासारखे न विचारणारे त्यात कुठे धरायचे?

आता नेरचेच पाहा. जुन्या गावात आळ्या होत्याच. कासार, माळी, तेली, पिंजारी, बागवान, ज्याचा धंदा त्याच्या आसपास त्याचे घर. दलितांची वस्ती गावाबाहेर. ती धंद्याची सोय नव्हती, सक्ती होती, हे विसरून जुन्या गावाचे गोडवे गाऊ नयेत. पण मधल्या लोकांच्या आळ्या एकमेकींना चिकटलेल्या होत्या. एकाच विहिरीवर चार जातींच्या बायका भांडत. आमच्या दादीला शेजारच्या माळणीच्या घरचे सगळे सणवार पाठ होते आणि माळणीला रमजानचा चांद.

पुढे गाव वाढले आणि ले-आऊट आले. शेत अकृषक करायचे, चुन्याने प्लॉट आखायचे, कमानीवर नगराचे नाव रंगवायचे. नव्या गावाची ही आखणी आमच्या डोळ्यांसमोर झाली. घर बांधायची वेळ आली तेव्हा आम्हीही एका ले-आऊटमध्ये, रस्त्यालगत, प्लॉट पसंत केला. दलालाने भाव सांगितला, आम्ही मान्य केला, इसार द्यायला गेलो. तोवर सगळे प्लॉट 'बुक' झालेले. पुढची दोन वर्षे 'प्लॉट विकणे आहे' ही पाटी तिथे उभी होती, ती आम्ही एस.टी.तून जाता-येता वाचत होतो. कमानीखाली आजही कुठे लिहिलेले नाही की अमक्याला प्लॉट देऊ नये. लिहायची गरजच नसते. अशा रीतीने आज आपल्या भागातल्या कित्येक तालुक्याच्या गावांत नव्या वस्त्या जुन्या आळ्यांपेक्षा अधिक एकजिनसी झाल्या आहेत. जुन्या आळीला धंद्याचे कारण तरी होते.

आम्ही मग मोहल्ल्याच्या मागच्या अंगाला जागा घेतली. चौरस फुटाचा भाव ले-आऊटपेक्षा जास्त पडला. हे ऐकून लोकांना नवल वाटते, पण हिशोब सरळ आहे. ज्यांना इतरत्र जागा मिळत नाही ते सगळे एकाच तुकड्यात जागा शोधतात. गिऱ्हाईक जास्त, जमीन तेवढीच. घेताना महाग. विकायला निघालात तर बाहेरचा गिऱ्हाईक येत नाही, मोहल्ल्यातल्या माणसाच्या ऐपतीइतकाच भाव येतो. घर ही मध्यमवर्गाची आयुष्यभराची शिल्लक. ती शिल्लकच अशी दोन्ही बाजूंनी झिजते. मुलाच्या शिक्षणासाठी तारण ठेवायला गेलो, की बँकेचा माणूस पत्ता वाचतो आणि कपाळावर आठी येते. २००६ साली आलेल्या न्या. राजिंदर सच्चर समितीच्या अहवालात हे नोंदलेले आहे, की काही बँका ठरावीक भाग 'नकारात्मक' म्हणून बाजूला काढतात आणि तिथे कर्ज सहजी देत नाहीत. मुसलमानांना इतर वस्त्यांत घर घेणे वा भाड्याने मिळणे अवघड जाते, हेही त्याच अहवालात आहे. दोन्ही गोष्टी एकत्र वाचा: आधी एका जागी ढकलायचे, मग त्या जागेवर खूण करायची.

ही खूण नकाशावर कशी दिसते ते अमेरिकेने जगाला दाखवून ठेवले आहे. तिथे १९३० च्या दशकात एका सरकारी संस्थेने दोनशेहून अधिक शहरांचे नकाशे रंगवले. उत्तम वस्ती हिरवी, मग निळी, पिवळी आणि कर्ज बुडण्याचा धोका असलेली लाल. काळे लोक राहतात ती वस्ती बहुधा लाल. लाल भागात कर्ज नाही, म्हणून नवे घर नाही, दुरुस्ती नाही, दुकान नाही. मार्टिन ल्यूथर किंग यांनी १९६६ मध्ये शिकागोत याच प्रश्नावर लढा उभारला आणि स्वतः तिथल्या गरीब काळ्या वस्तीत भाड्याने राहिले. १९६८ च्या एप्रिलमध्ये त्यांची हत्या झाली. त्यानंतर आठवडाभरात घरांच्या बाबतीत भेदभाव करण्यास मनाई करणारा कायदा तिथे झाला. म्हणजे रेघा पुसल्या गेल्या. पुढचे वाचून मात्र आम्ही चमकलो. २०२० मध्ये १०८ शहरांची तापमाने त्या जुन्या नकाशांशी ताडून पाहिली गेली. ९४ टक्के शहरांत एकेकाळचे लाल भाग आजही जास्त तापतात, सरासरी २.६ अंशांनी. कारण जिथे पैसा गेला नाही तिथे झाडे लागली नाहीत, बागा झाल्या नाहीत. डांबर आणि भिंती राहिल्या. ऐंशी वर्षांपूर्वी कुणीतरी खडूने मारलेली रेघ आज एखाद्या म्हातारीच्या खोलीत उष्णता होऊन बसली आहे.

यवतमाळ जिल्ह्यात मे महिना काढणाऱ्या माणसाला २.६ अंश म्हणजे काय ते समजावून सांगायला नको. नकाशा नसला तरी आपल्या गावांतून एक फेरी मारा. कडुनिंबाची सावली कुठे संपते, पेव्हर ब्लॉक कुठे संपतात, नाली कुठे उघडी होते, घंटागाडी कुठून परत फिरते. आम्ही नगरपरिषदेवर आरोप करायला बसलेलो नाही. अर्ज, निवेदने सगळे चालू असते. पण ज्या वस्तीत एकाच समाजाची माणसे असतात तिचा अर्ज 'त्यांचा' अर्ज होतो. मिसळलेल्या वस्तीत नाली तुंबली तर वास सगळ्यांच्या घरात जातो आणि फोन चार ठिकाणांहून जातात. वेगळ्या वस्तीत वास वेगळा राहतो.

शाळेचे तर अगदी मोजून झाले आहे. देशातील सुमारे १५ लाख वस्त्यांची माहिती तपासून अंजली अदुकिया, सॅम ॲशर, पॉल नोव्होसाड आणि इतरांनी २०२३ मध्ये एक अभ्यास पुढे आणला. शहरांत राहणारे २६ टक्के मुसलमान अशा वस्त्यांत राहतात जिथे ८० टक्क्यांहून अधिक लोक मुसलमान आहेत. अनुसूचित जातींचेही साधारण असेच, १७ टक्के. पूर्णपणे मुस्लिम वस्तीत सरकारी माध्यमिक शाळा असण्याची शक्यता मुसलमान नसलेल्या वस्तीच्या निम्मी. आणि तिथे वाढणारे मूल सरासरी दोन वर्षे कमी शिकते. दोन वर्षे म्हणजे अकरावी-बारावी. आमच्या बसस्थानकावर गादी-बादली घेऊन उभी असलेली मुले ही ते दोन वर्ग ओलांडून आलेली आहेत, बाकीची बसस्थानकापर्यंत आलीच नाहीत. मुली तर आणखी कमी, कारण शाळा मोहल्ल्याबाहेर असली की घरात पहिला प्रश्न 'जाणार कशी?' हाच निघतो. 'मुसलमान मुलींना शिकवत नाहीत' असे म्हणणाऱ्यांनी एकदा मोहल्ल्यापासून शाळेपर्यंतचे अंतर चालून पाहावे, आणि आपल्या मंडळींनीही अंतराचे निमित्त किती दिवस पुरवायचे ते ठरवावे.

भीतीने वस्ती कशी होते याचे महाराष्ट्रातले सर्वांत मोठे उदाहरण म्हणजे मुंब्रा. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मध्ये मुंबईत जे झाले त्याची चौकशी न्या. श्रीकृष्ण आयोगाने केली. आयोगाच्या अहवालानुसार ९०० माणसे मेली, त्यांत ५७५ मुसलमान आणि २७५ हिंदू. त्यानंतर मुंबईच्या मिश्र वस्त्यांतली कुटुंबे जमेल त्या भावाला घर विकून ठाण्याच्या खाडीपलीकडे मुंब्र्याला गेली. काही हजारांचे गाव काही लाखांचे झाले. वीज, पाणी, रस्ते, दवाखाना मागून धावत राहिले, अजून धावत आहेत. तिथल्या बायाबापड्यांनी शाळा काढल्या, मुली शिकवल्या, ते कौतुकाचे आहेच. पण आमचे एक नातलग तीस वर्षांपासून तिथे आहेत, ते म्हणतात, "येथे झोप छान लागते. नोकरीच्या अर्जावर पत्ता लिहिताना तेवढी जाग येते."

मोहल्ल्याबद्दल तक्रार करणे सोपे, आणि थोडे कृतघ्नपणाचेही. आजारपणात रात्री दोनला दार वाजवले तरी पाच माणसे धावून येतात ती इथेच. जनाजा उचलायला खांदे कमी पडत नाहीत. अजान ऐकू येते, मुले मदरशात पायी जातात. कोणी राजीखुशीने आपल्या लोकांत राहत असेल तर त्यात वावगे काही नाही. पण राजीखुशी म्हणायला दुसरे दार उघडे असावे लागते. सूरह अन-निसाच्या ३६ व्या आयतीत शेजाऱ्याशी चांगले वागण्याचा हुकूम आहे, आणि तिथे नात्यातल्या शेजाऱ्याबरोबर परक्या शेजाऱ्याचाही स्वतंत्र उल्लेख आहे. आमच्या गल्लीत सगळे शेजारी आपलेच. परक्या शेजाऱ्याचा हक्क अदा करायचा तर तो आणायचा कुठून? दादीला माळण होती. आमच्या नातवंडांना दिवाळीचा फराळ टीव्हीत दिसतो, आणि पलीकडच्या नगरातल्या मुलांना मुसलमान फक्त बातम्यांत.

घर नाकारले जाण्याचे दुःख ज्यांनी लिहून ठेवले ते बाबासाहेब आंबेडकर. परदेशातून उच्चशिक्षण घेऊन १९१७ मध्ये ते बडोद्याला गायकवाडांच्या नोकरीत रुजू झाले, तेव्हा राहायला जागा मिळेना. पारशी नाव सांगून पारशी धर्मशाळेत राहिले. अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेल्या पारशांनी बाहेर काढले. एक हिंदू मित्र, एक ख्रिस्ती मित्र, दोघांनीही घरात घेण्याचे टाळले, आणि ते मुंबईला परतले. त्याच आठवणींत त्यांनी १९३४ सालचा दौलताबादचा प्रसंगही लिहिला आहे. तिथे हौदाचे पाणी बाटवले म्हणून त्यांच्यावर धावून जाणारे लोक मुसलमान होते. तो भाग आपल्या सभांमधून सहसा सांगितला जात नाही. सांगायला हवा. मागच्या वर्षी आमच्या मोहल्ल्यात एक बौद्ध परिचारिका खोली शोधत आली. एकाने रिकामी खोली असून नाही म्हटले. कारण विचारले तर म्हणे, "लोक काय म्हणतील?" अमरावतीच्या त्या बाईंचे दीर वर राहत होते, आमच्याकडचे 'लोक' कुठे राहतात ते आम्ही अजून शोधतो आहोत.

कायदा काय म्हणतो, असे मुले विचारतात. संविधानाचे १५ वे कलम सरकारला भेदभाव करू देत नाही आणि दुकाने, हॉटेले, विहिरी सर्वांना खुली करते. खासगी घरमालकाचे नाव त्यात नाही. २००५ मध्ये अहमदाबादच्या पारशी गृहनिर्माण संस्थेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सभासदत्व एका समाजापुरते ठेवण्याचा संस्थेचा नियम ग्राह्य धरला. सच्चर समितीने समान संधी आयोग सुचवला, तो झाला नाही. शशी थरूर यांनी लोकसभेत २०१७ मध्ये भेदभावविरोधी खासगी विधेयक मांडले, त्याचा कायदा झाला नाही. तरी हात अगदीच रिकामे नाहीत. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या २३ व्या कलमानुसार पात्र माणसाला पुरेशा कारणाशिवाय सभासदत्व नाकारता येत नाही आणि तक्रार निबंधकाकडे नेता येते. आणि 'सोसायटी परवानगी देत नाही' असे फ्लॅटमालक म्हणाला, तर राज्याच्या आदर्श उपविधीनुसार भाडेकरू ठेवताना सोसायटीला फक्त आधी कळवायचे असते, हे त्याला नम्रपणे सांगा. घर मिळेलच असे नाही. पण निमित्त तरी एक कमी होते.

थोरली आता नागपुरात नोकरी करते आणि पुन्हा खोली शोधते आहे. ती फोनवर आडनावाच्या आधी पहिले नाव सांगते, अगदी पहिल्याच वाक्यात. "वेळ वाचतो," म्हणते. सतरा फोन झाले. धाकट्याने तिला नेहमीच्या मोहल्ल्याचे नाव सुचवले, तेव्हा ती म्हणाली, "तिथे तर मिळणारच आहे, ते शेवटी. आधी ऑफिसजवळ विचारून घेते." आम्ही तिला काही सल्ला दिला नाही.

आमच्या घराच्या वरच्या दोन खोल्या सध्या रिकाम्या आहेत. बदलून आलेले एक बँक कर्मचारी मागे पाहून गेले. कोल्हापूरकडचे गृहस्थ, हवा आवडली, भाडे आवडले. जिन्यावर थांबून विचारले, "आम्ही चालू ना तुम्हाला?" आम्ही हसून हो म्हटले. नंतर कळवतो म्हणाले, आणि ऑफिसातल्या लोकांनी त्यांना काय सांगितले असेल ते आम्ही समजलो; दुप्पट भाड्याने ते दुसऱ्या टोकाला राहतात आणि भेटले की हटकून रामराम करतात. परिचारिका ताई पुढच्या महिन्यात येऊन पाहणार आहेत. जिना थोडा अरुंद आहे, नळाला पाणी एक दिवसाआड येते, आणि उन्हाळ्यात वरचा स्लॅब तापतो, एवढे त्यांना आधीच सांगून ठेवले आहे.